पेटीतल्या अळ्या सडतायत? आधी काडी घालून बघा, पावडरचं नंतर बघू

मधमाशीपालनाच्या ट्रेनिंगला गेलं की राणी कशी शोधायची, मेणकिडा कसा ओळखायचा, मुंग्या कशा रोखायच्या हे सगळं व्यवस्थित शिकवतात, पण अळ्यांना होणारे बॅक्टेरियाचे रोग हा विषय शेवटच्या तासाला येतो आणि तोपर्यंत सगळ्यांचं लक्ष सर्टिफिकेटकडे लागलेलं असतं. मग वर्ष-दोन वर्षांनी कधीतरी पेटी उघडल्यावर आंबूस वास येतो, चौकटीत मध्येमध्ये रिकामी घरं दिसतात, अळ्या पिवळट आणि मरगळलेल्या, आणि माणूस घाबरून ज्याच्याकडून पेट्या घेतल्या त्याला फोन लावतो. तिकडून उत्तर ठरलेलं, पाकात ती पिवळी पावडर टाक, आठ दिवसांत बरं होईल. ती पिवळी पावडर म्हणजे अँटिबायोटिक. कुठला रोग आहे हे ना सांगणाऱ्याने बघितलेलं असतं ना विचारणाऱ्याने, आणि माझ्या मते खरी गडबड तिथेच होते, कारण दिसायला सारखे वाटणारे तीन रोग आहेत, तिन्हींवर करायच्या गोष्टी वेगवेगळ्या आहेत आणि त्यातल्या एकावर तर अँटिबायोटिकचा काडीचाही उपयोग नाही.

बॅक्टेरियाचे दोन रोग, युरोपियन फाउलब्रूड आणि अमेरिकन फाउलब्रूड. नावातल्या खंडांचा रोग कुठे होतो याच्याशी काही संबंध नाही, ज्या भागात त्यावर आधी शास्त्रीय काम झालं त्यावरून ती नावं पडली, दोन्ही रोग जगभर आढळतात. युरोपियन करणारा जंतू मेलिसोकॉकस प्लुटोनियस आणि अमेरिकन करणारा पेनिबॅसिलस लार्व्ही. तिसरा रोग थाई सॅकब्रूड, तो बॅक्टेरियाचा नाहीच, व्हायरसचा आहे, पण तो इथे घ्यावाच लागतो कारण आपल्या सातेरी मधमाशीला तो सगळ्यात जास्त छळतो आणि लोक त्यालाच युरोपियन समजून औषध घालत बसतात. १९९१-९२ च्या सुमारास याच थाई सॅकब्रूडने केरळ, कर्नाटक, तमिळनाडूतल्या सातेरीच्या वसाहतींचा अक्षरशः सफाया केला होता, म्हणजे हलक्यात घ्यायची गोष्ट नाही.

महाराष्ट्रापुरतं बोलायचं तर युरोपियन फाउलब्रूड आपल्याला नवीन नाही, इथल्या सातेरीत तो सापडल्याची शास्त्रीय नोंद १९७१ सालची आहे. अमेरिकनच्या नोंदी भारतात तुरळक आहेत. तुरळक म्हणजे शून्य नव्हे, आणि डाळिंब, कांदा बियाणं यांच्या परागीभवनासाठी आता मेलिफेराच्या, म्हणजे बाहेरून आणलेल्या युरोपियन मधमाशीच्या पेट्या ट्रकमधून या जिल्ह्यातून त्या जिल्ह्यात आणि तिथून मोहरीसाठी राजस्थानपर्यंत फिरतात त्यामुळे ओळखता येणं गरजेचंच आहे.

आधी निरोगी ब्रूड डोळ्यात बसवा

ब्रूड म्हणजे पोळ्यातली अंडी, अळ्या आणि कोष. रोग ओळखायला शिकण्याआधी निरोगी चौकट वीस-पंचवीस वेळा तरी नीट बघितलेली पाहिजे, त्याशिवाय बिघडलेलं काय ते कळतच नाही. निरोगी अळी मोत्यासारखी पांढरी आणि चकचकीत असते, घराच्या तळाशी इंग्रजी सी अक्षरासारखी वळून पडलेली, अंगावरच्या वळ्या स्पष्ट दिसतात. अंडं घातल्यापासून तिसऱ्या दिवशी अळी बाहेर येते आणि साधारण आठव्या-नवव्या दिवशी कामकरी माश्या घरावर मेणाचं झाकण लावतात, आत ती कोष होते. झाकणं एकसारख्या रंगाची, कोरडी, किंचित फुगीर असतात आणि चौकटीच्या मधोमध झाकलेल्या घरांचा एक सलग पट्टा दिसतो.

बघायची पद्धतही महत्त्वाची आहे. सूर्य पाठीमागे, उजेड खांद्यावरून थेट घराच्या तळापर्यंत गेला पाहिजे, आणि चौकटीवरच्या माश्या हळूच झाडून किंवा मऊ ब्रशने बाजूला करून मगच बघायचं. सातेरीची चौकट माश्यांनी इतकी गच्च भरलेली असते की वरवर बघून "सगळं ओके आहे" म्हणणं म्हणजे काहीच न बघणं. आपण माश्या किती आहेत ते बघतो आणि खूश होतो, पण हे रोग मोठ्या माशीला होतच नाहीत, माशी फक्त वाहून नेते, मरते ती अळी. त्यामुळे वरून भरलेली पेटी आतून कुजलेली असू शकते.

विस्कळीत ब्रूड दिसलं, म्हणजे एक घर झाकलेलं, एक रिकामं, एकात अंडं, एकात मोठी अळी अशी सरमिसळ दिसली की शंका घ्यायची, पण तेवढ्यावरून निकाल द्यायचा नाही. राणी म्हातारी झाली, जवळच्या नात्यातल्या नरांशी मीलन झालं, मध जोरात येतोय आणि माश्यांनी ब्रूडच्या जागेतच मध भरला, मेणकिड्याची अळी खालून पोखरत गेली, या सगळ्यात ब्रूड असंच दिसतं.

आणि सातेरी पाळणाऱ्या नवीन लोकांसाठी एक खास सूचना, कारण यावर भलभलते फोन होतात. सातेरीच्या नर माशीच्या घरावरचं झाकण टोकदार असतं आणि त्याच्या बरोब्बर मध्यभागी सुईच्या टोकाएवढं भोक असतं. ते नैसर्गिक आहे. अमेरिकन फाउलब्रूडच्या माहितीत "झाकणाला भोकं पडतात" असं वाचून लोक हीच झाकणं दाखवतात. रोगातलं भोक वेडंवाकडं, फाटल्यासारखं, कडा कुरतडलेलं असतं आणि झाकण आत दबलेलं असतं, टोकदार वर आलेलं नसतं.

अळी कधी मेली, हा पहिला प्रश्न

मला विचाराल तर सगळी लक्षणं पाठ करण्यापेक्षा एकच प्रश्न विचारायची सवय लावा, अळी झाकण लागायच्या आधी मेली की नंतर? बाकीचं आपोआप उलगडत जातं.

युरोपियनमध्ये अळी बहुतेक वेळा झाकण लागायच्या आधीच मरते, चार-पाच दिवसांची असताना. त्यामुळे मेलेल्या अळ्या उघड्या घरात दिसतात. ती नेहमीसारखी तळाशी गोल पडलेली नसते, पिळवटलेली, भिंतीला टेकलेली, कधी उभी, कधी घराच्या तोंडापर्यंत सरकलेली असते, पोटात दुखल्यावर माणूस तळमळतो तशी काहीशी. रंग आधी चकाकी जाऊन मळकट पांढरा, मग पिवळा, मग तपकिरी. कातडी पातळ झाल्यामुळे आतल्या श्वासनलिकांच्या बारीक पांढऱ्या रेषा दिसायला लागतात, ही खूण बारकाईने बघितली तर फार कामाची आहे. वास आंबूस, काही वेळा सरळ कुजलेला. हा वास मूळ जंतूचा कमी आणि मेलेल्या अळीवर नंतर येऊन बसणाऱ्या दुसऱ्या बॅक्टेरियांचा जास्त, म्हणून एका पेटीला येतो आणि दुसरीला येत नाही, वास नाही म्हणून रोग नाही असं समजू नका. वाळल्यावर जी खपली उरते ती रबरासारखी असते आणि काडीने सहज निघते.

अमेरिकनमध्ये अळीला लागण होते अगदी लहानपणी, पण ती मरते झाकण लागल्यानंतर. म्हणजे बाहेरून बघणाऱ्याला फक्त झाकण दिसतं. ते झाकण काळपट, तेलकट, आत दबलेलं आणि मध्येच फाटलेलं दिसलं तर काडी घ्या आणि उघडा. आत अळीचा आकार राहिलेलाच नसतो, कॉफी रंगाचा चिकट लगदा असतो. वास जुन्या सुताराच्या सरसासारखा. महिन्याभरात तो लगदा वाळून काळी कडक खपली बनते आणि ती घराच्या खालच्या भिंतीला अशी घट्ट चिकटते की काढायला गेलात तर मेण फाटेल पण खपली निघणार नाही. कोष अवस्थेत मेली असेल तर कधीकधी तिची जीभ धाग्यासारखी वर उभी राहून घराच्या आडवी गेलेली दिसते. ही खूण प्रत्येक पेटीत दिसत नाही पण दिसली तर शंकेला जागा राहत नाही.

थाई सॅकब्रूडमध्येही अळी मोठी झाल्यावर, बहुतेक झाकण लागल्यावर मरते, माश्या ते झाकण काढून टाकतात आणि आत अळी पाठीवर लांबलचक ताणून पडलेली, डोकं वर उचललेलं अशी दिसते. चिमट्याने उचलली तर अख्खी निघते आणि खाली पाणी भरलेली पिशवी लोंबते. बॅक्टेरियाच्या रोगात अळी अशी अख्खी उचलून कधीच येत नाही, फुटते. वास जवळजवळ नसतो. वाळल्यावर दोन्ही टोकं वर आलेल्या होडीसारखी खपली उरते आणि ती हलवली की सुटते. हे दिसलं तर अँटिबायोटिकचा विषय तिथेच बंद करा, व्हायरसवर ते चालत नाही.

काडीची टेस्ट

आगपेटीची काडी घ्या, गुलाची बाजू नको, दुसरी बाजू. संशयित घरात घाला, आतला लगदा दोन-तीन वेळा ढवळा आणि काडी अगदी सावकाश बाहेर ओढा. अमेरिकन असेल तर तपकिरी तार सुटते, अडीच-तीन सेंटिमीटर किंवा जास्तही लांब जाते आणि मग तुटून मागे येते. युरोपियनमध्ये तार सुटत नाही किंवा सुटली तर थोडीशी, जाडसर, लगेच तुटणारी. एकाच घरावरून ठरवू नका, चार-पाच घरांत करा, प्रत्येक घराला नवी काडी आणि वापरलेल्या काड्या खिशात न टाकता जाळायच्या. अळी नुकतीच मेली असेल किंवा पार वाळली असेल तर अमेरिकनमध्येही तार येत नाही, म्हणून तपकिरी लगद्याची अवस्था शोधायची.

वाळलेल्या खपल्या असतील तर दुधाची एक जुनी टेस्ट आहे. साय काढलेल्या दुधाची पावडर पाण्यात अगदी पातळ करायची, एक टक्का म्हणजे १०० मिली पाण्यात १ ग्रॅम, आणि कोमट द्रावणात खपली टाकून ठेवायची. अमेरिकनच्या जंतूची एन्झाइम्स दुधातलं प्रथिन तोडतात आणि १०-२० मिनिटांत गढूळ पाणी निवळतं. शेजारी खपली न टाकलेलं तेच द्रावण ठेवायचं म्हणजे तुलना करता येते.

पण घरच्या टेस्ट म्हणजे शंका पक्की करण्यापुरत्या. पुण्यात खादी ग्रामोद्योग आयोगाची केंद्रीय मधमाशी संशोधन आणि प्रशिक्षण संस्था १९६२ पासून आहे, महाबळेश्वरला मध संचालनालय आहे, जवळच्या कृषी विद्यापीठातला कीटकशास्त्र विभाग आहे, यांच्यापैकी कोणाला तरी नमुना दाखवा. आधी फोन करून विचारा नमुना कसा हवाय ते. साधारणपणे मेलेल्या अळ्या असलेला पोळ्याचा कमीत कमी ५ बाय ५ सेंटिमीटरचा तुकडा, मध नसलेला, कागदात गुंडाळून द्यायचा. प्लास्टिकच्या पिशवीत अजिबात नको, पोचेपर्यंत बुरशी येते आणि नमुना वाया जातो.

युरोपियन फाउलब्रूड: उपासमारीचा रोग

मला हा रोग समजायला वेळ लागला कारण सगळीकडे "जंतूची लागण" एवढंच लिहिलेलं असतं. प्रत्यक्षात काय होतं तर दाई माशीने भरवलेल्या अन्नातून जंतू अळीच्या पोटात जातो आणि तिथेच वाढतो, तिच्या अंगात घुसून तिला खात नाही, तिच्या पोटात येणारं अन्न तो खातो. म्हणजे आता त्या अळीला नेहमीपेक्षा जास्त अन्न लागणार. दाई माश्या भरपूर असतील आणि अन्न भरपूर असेल तर अळी जगते, थोडी लहान राहते पण माशी होते. कोष होण्याआधी ती घरात विष्ठा करते आणि जंतू घराच्या भिंतीला लागून तिथेच राहतात. दाया कमी पडल्या किंवा अन्न कमी पडलं की तीच अळी उपाशी मरते आणि आपल्याला रोग "अचानक" दिसतो. जंतू पेटीत महिनोन्महिने असतो, दिसतो तो उपासमार झाल्यावर.

हे कळलं की आपल्याकडचे धोक्याचे काळ स्वतःच ओळखता येतात. घाटमाथ्यावर, महाबळेश्वर-जावळी पट्ट्यात पावसाळ्यात पाच-सहा हजार मिलिमीटर पाऊस पडतो, जून ते सप्टेंबर माश्यांना बाहेर पडायलाच मिळत नाही, परागकण येत नाहीत, वसाहत आक्रसते. पाऊस उघडला की राणी एकदम अंडी घालायला लागते, पण पेटीत उरलेल्या माश्या थोड्या आणि थकलेल्या, दाई कमी आणि पोरं जास्त असा प्रकार होतो. दुसरा धोका म्हणजे फुलोरा एकदम सुरू होतो तेव्हा, जांभूळ फुलली की घरात राहणाऱ्या माश्याही मध आणायला बाहेर पळतात आणि अळ्यांकडे बघायला कोणी उरत नाही. तिसरा, परागीभवनासाठी पेट्या एकाच पिकात नेऊन ठेवल्या आणि तिथे परागकण पुरेसे नाहीत किंवा फवारणीत बाहेर गेलेल्या माश्या मेल्या.

म्हणून उपाय पण तिथूनच सुरू होतो. हलका संसर्ग असेल, म्हणजे चौकटीत मोजक्या अळ्या मेलेल्या आणि माश्या भरपूर, तर साखर आणि पाणी समान वजनाने घेऊन केलेला पाक संध्याकाळी द्या, परागकणाची कमतरता असेल तर पूरक खाद्य द्या, आणि ज्या चौकटीत मेलेल्या अळ्या सगळ्यात जास्त ती काढून जाळून टाका. पेटी मोठी आणि माश्या कमी असतील तर रिकाम्या चौकटी काढून जागा आवळा म्हणजे आहेत त्या माश्यांना ब्रूड ऊबदार ठेवता येईल. चांगला फुलोरा मिळाला तर कितीतरी वेळा रोग दिसेनासा होतो. दिसेनासा म्हणतोय, गेला म्हणत नाही, जंतू जुन्या पोळ्यात राहतोच.

राणी बदलणं हा मला सगळ्यात पटणारा उपाय आहे. मेलेल्या अळ्या लवकर ओळखून बाहेर फेकणाऱ्या माश्या काही वसाहतींत असतात, काहींत नसतात, आणि तो गुण राणीकडून येतो. अशा स्वच्छ वसाहतीतली राणी आणली की पुढची पिढी बदलते, वर जुनी राणी काढणं आणि नवी अंडी सुरू होणं यामधल्या काळात नवीन अळ्या नसतात, त्यामुळे माश्यांना घरं साफ करायला सवड मिळते. मात्र सातेरीला राणीविना फार दिवस ठेवू नका, तिच्यात कामकरी माश्या फार लवकर अंडी घालायला लागतात आणि मग ती पेटी सावरणं कठीण.

रोग जास्त असेल पण माश्या अजून जोमात असतील तर सगळ्या माश्या नव्या पेटीत झटकायच्या. जुनी पेटी बाजूला सरकवा, तिच्याच जागेवर स्वच्छ पेटी ठेवा, आत मेणपत्रे (पोळं बांधायला पाया म्हणून द्यायचे मेणाचे पातळ पत्रे) लावलेल्या नव्या चौकटी, राणी शोधून आधी आत सोडा आणि मग बाकीच्या माश्या झटका, पाक चालू करा, जुनं ब्रूड सगळं जाळा. ब्रूड जाळताना जीव तुटतो, बऱ्याच अळ्या निरोगी असतात, पण अर्धवट ठेवलं तर सगळी मेहनत पाण्यात. ब्रिटनमध्ये या पद्धतीची नुसत्या अँटिबायोटिकशी तुलना झाली तेव्हा रोग परत यायचं प्रमाण झटकलेल्या वसाहतींत स्पष्टपणे कमी निघालं. सातेरीत यात एक मोठा धोका आहे, ती वैतागली की सरळ पळून जाते. म्हणून फुलोरा असतानाच करा आणि नवं पोळं बांधून राणी अंडी घालायला लागेपर्यंत दारावर राणी अडवणारी जाळी लावा. माश्या कमी असतील तर हे करूच नका, दुबळी वसाहत नवं पोळं बांधूच शकत नाही. अगदी मूठभर माश्या उरल्या असतील तर ती पेटी सोडून द्यायची तयारी ठेवावी, निरोगी पेटीत मिसळायचा मोह तर नकोच.

पिवळ्या पावडरचं काय?

ही पावडर म्हणजे ऑक्सिटेट्रासायक्लिन, ते युरोपियनच्या जंतूवर चालतं हे खरं आहे, ते खोटं असतं तर लोकांनी वापरलंच नसतं. पण ते फक्त जंतूची वाढ थांबवतं, घराच्या भिंतीला लागलेला साठा आणि दायांची कमतरता दोन्ही तसंच राहतं, म्हणून पुढच्या हंगामात परत तेच. आणि ते मधात उतरतं. २०१० साली दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंटने बाजारातल्या १२ ब्रँडचा मध तपासला, त्यातल्या ११ मध्ये अँटिबायोटिक सापडलं. त्याच वर्षी युरोपियन युनियनने भारतीय मधाची आयात थांबवली, अँटिबायोटिकचे अंश हे त्यातलं एक मोठं कारण. युरोपात मधासाठी अँटिबायोटिकची "एवढं चालेल" अशी मर्यादाच ठेवलेली नाही. आपला मध गावातच विकला जातो असं म्हणणाऱ्यांना मी एवढंच विचारतो की मग बाटलीवर "शुद्ध, नैसर्गिक" कशाला छापता.

त्यामुळे तज्ज्ञाने नमुना बघून, लेखी सांगितलं आणि फुलोऱ्याचा काळ नसेल तरच विचार करा, आणि अशा पेटीतला त्या हंगामाचा मध विकायचा नाही. अंदाजपंचे, "प्रतिबंधक" म्हणून दरवर्षी पाकात टाकणं हे तर सरळ चूक आहे, त्याने जंतू औषधाला सरावतात आणि रोग लपून पसरतो.

अमेरिकन निघाला तर

इथे वाद नाही, जाळायचं. कारण हा जंतू बीजाणू बनवतो, म्हणजे कवचातला झोपलेला जंतू, आणि ते बीजाणू ३५ वर्षांनंतरही जिवंत सापडलेत. मेलेल्या एका अळीत अडीच अब्जांपर्यंत बीजाणू असू शकतात आणि एक दिवसाच्या अळीला आजारी पाडायला दहाच्या आसपास पुरतात. अँटिबायोटिक बीजाणूंना काहीही करत नाही, फक्त लक्षणं झाकतं, आणि मग तीच पेटी निरोगी म्हणून विकली जाते. न्यूझीलंडमध्ये या रोगावर अँटिबायोटिक वापरायला परवानगीच नाही, पेटी नष्ट करावी लागते. अमेरिकेत २०२३ च्या सुरुवातीला राणीला खाण्यातून द्यायच्या लशीला सशर्त परवानगी मिळाली, ऐकायला भारी आहे, पण लस आजारी पेटी बरी करण्यासाठी नसते.

प्रयोगशाळेने शिक्का मारल्यावरच जाळा, नुसत्या शंकेवर नाही, तोपर्यंत त्या पेटीचं दार लहान करा आणि तिथलं काहीही दुसरीकडे नेऊ नका. जाळायचं तर संध्याकाळी, सगळ्या माश्या घरी परतल्यावर, दीड-दोन फूट खोल खड्ड्यात, चौकटी, पोळी, मध, माश्या सगळं, आणि राख व अर्धवट जळलेलं मेण मातीने पूर्ण बुजवायचं, कारण वितळलेला मध उघडा राहिला की सकाळी शेजारच्या माश्या तिथे हजर. लाकडी पेटी वाचवायची असेल तर आधी मेण आणि प्रोपोलिस (माश्या फटी बुजवायला वापरतात तो चिकट डिंक) खरवडून काढा आणि आतून ब्लोलॅम्पने लाकूड कॉफीच्या रंगाचं होईपर्यंत, कोपरे आणि फटींसकट भाजा. प्लास्टिकच्या वस्तू खरवडून धुऊन अर्धा टक्का सोडियम हायपोक्लोराइटच्या पाण्यात २० मिनिटं बुडवून ठेवतात. कुजक्या जुन्या पेटीसाठी एवढी खटपट करू नका, तीही खड्ड्यात टाका.

माणसाला यातल्या कुठल्याच रोगाने काही होत नाही, मध खाल्ला म्हणून आजारी पडत नाही. पण तोच मध माश्यांसाठी विष आहे. म्हणून बाजारातून आणलेला किंवा ओळखीतून मिळालेला मध माश्यांना कधीही भरवू नका, साखर द्या. पावसाळ्यात "मध हेच त्यांचं नैसर्गिक अन्न" म्हणून प्रेमाने मध देणारे लोक मी बघितलेत, त्या मधात कुठल्या पेटीचे बीजाणू आहेत हे कोणाला माहीत.

रोग पसरवतो कोण

माश्या थोडाफार पसरवतात, चुकून शेजारच्या पेटीत शिरतात, दुबळ्या पेटीतला मध लुटून आणतात. पण सगळ्यात जास्त आपण पसरवतो. या पेटीत ब्रूड जास्त आहे म्हणून त्या दुबळीला एक चौकट दिली, मध काढल्यावर रिकामी पोळी जी हाताला येतील तशी कुठल्याही पेटीत परत ठेवली, विभाजन करताना तीन पेट्यांमधून एकेक चौकट घेऊन चौथी बनवली. दुबळीला चौकट देऊन "मदत" करणं तर सगळ्यात घातक, आधी ती दुबळी का झाली ते बघा. चौकटींवर पेटीचा नंबर टाका, ज्या पेटीची चौकट त्याच पेटीत परत. एवढं एक जरी केलं तरी रोग एका पेटीत अडकतो. तपासणी करताना निरोगी पेट्या आधी, संशयित सगळ्यात शेवटी, आणि मग हात, पटाशी, हातमोजे धुण्याच्या सोड्याच्या पाण्यात घासून धुवायचे, धुरावर धरल्याने काही मरत नाही. संशयित पेटीतला मध सगळ्यांच्या मध काढायच्या मशीनमध्ये घालू नका, गावात एकच मशीन सगळे वापरत असतील तर हे आधीच बोलून ठेवा. सातेरी पेटी सोडून पळाली तर ती रिकामी पेटी तशीच उघडी ठेवू नका, त्याच दिवशी दार बंद करा आणि पोळी काढून जाळा, कारण आत उरलेला मध लुटायला आजूबाजूच्या सगळ्या पेट्या येतात. आणि दरवर्षी ब्रूडच्या चौकटींपैकी साधारण एक तृतीयांश जुनी काळी पोळी काढून नवे मेणपत्रे द्या, मेण विकून थोडे पैसेही येतात.

जुन्या पेट्या विकत घेताना माश्या किती चौकटींवर आहेत हे विचारतातच सगळे, त्याबरोबर ब्रूडची प्रत्येक चौकट उन्हात धरून बघा, दबलेली झाकणं असतील तर तिथेच काडी घाला, विकणारा नाराज झाला तरी चालेल. घरी आणल्यावर बाकीच्या पेट्यांपासून लांब ठेवा. उपचार केलेल्या पेटीलाही हाच नियम, तीन आठवड्यांनी म्हणजे ब्रूडची एक पूर्ण फेरी संपल्यावर परत तपासा, मग दर पंधरा दिवसांनी, आणि मुख्य म्हणजे पुढच्या वर्षी पाऊस उघडल्यावर जेव्हा दाया कमी आणि अळ्या जास्त असतात तेव्हा ती पेटी सगळ्यात आधी आठवा. तेव्हाही तेच दिसलं तर आता पाक-बिक पुरे, राणी बदला.